व्याजाच्या सकाळी

खडीच्या कामावर हजेरी आठला व्हायची आणि मनकर्णाबाई कधीच आठला पोचायची नाही.

बहात्तरचं साल. मृग कोरडा गेला, त्यामागून आर्द्रा कोरड्या गेल्या. पोळ्याला बैल धुवायचे तर लोकांनी ओल्या फडक्यानं नुसते पुसून काढले. दिवाळीपर्यंत जानेफळच्या शिवारातली ज्वारी गुडघ्याएवढी होऊन उभ्या जागी वाळली. मग सरकारनं गावापासून दोन मैलांवर रस्त्याच्या कडेला खडी फोडायचं काम काढलं आणि निम्मं गाव हातोडे घेऊन तिथं जाऊन बसलं. मनकर्णाबाईचा नवरा कारभारी आठच्या आत जायचा. तिला मात्र आधी भगवंतरावांचा गोठा करायचा असे.

दिवस उगवायच्या आधी ती त्या गोठ्यात शिरायची. अकरा जनावरं. शेण भरायचं, मूत मुरलेली जमीन खुरप्यानं खरडायची, टोपली डोक्यावर घेऊन उकिरड्यापर्यंत सात-आठ खेपा करायच्या. मग गोवऱ्या थापायच्या, अंगण झाडून सडा टाकायचा, आणि शेवटी विहिरीचं पाणी. विहीर तळाला गेली होती. दोर पहिल्यापेक्षा दुप्पट सोडावा लागायचा आणि वर येणारी बादली अर्धी गाळानं भरलेली असायची. भगवंतरावांची बायको सोजराबाई ओट्यावर उभी राहून ती बादली बघायची.

"हे पानी हाय का चिखल? परत सोड."

मनकर्णाबाई परत सोडायची. तळहाताला दोराचे वळ पडून ते पिकले होते आणि त्या पिकलेल्या वळांवर शेण बसायचं. सगळं उरकून ती पळत सुटायची. धापा टाकत खडीवर पोचायची तेव्हा ऊन चांगलं वर आलेलं असायचं आणि कारकुनानं हजेरी मिटलेली असायची. तो तिच्या नावापुढं अर्धा दिवस मांडायचा.

असे सतरा दिवस झाले. अठराव्या दिवशी कारकुनानंच विचारलं. चिखलीकडचा पोरगेला माणूस, स्वभावानं वाईट नव्हता, पण दिवसभर झाडाखाली बसून कंटाळलेला.

"बाई, रोज उशीर कशाला करता? अर्धी हजेरी पडते, कळत नाही का?"

"मालकाचा गोठा करून येते, बाबू."

"मग तिथला पगार मिळत असेल."

"पगार कायचा? व्याजापोटी हाय ते."

"कसलं व्याज?"

तेव्हा मनकर्णाबाईनं डोक्यावरचा पदर सावरला आणि सांगितलं.

कारभारी गवंडी होता. जानेफळात आणि आसपासच्या पाच-सात गावांत त्यानं बांधलेली घरं उभी होती. ओळंबा न लावता त्याची भिंत सरळ येते असं लोक म्हणायचे. पण तो स्वतः राहायचा कापसाच्या पऱ्हाटीच्या कुडात. पावसाळ्यात कुडाचं शेणलिंपण गळून पडे आणि रात्रभर अंगावर थेंब येत. एकसष्ट साली कोकिळा दोन वर्षांची असताना त्यानं मनावर घेतलं. दगड नाल्यातून स्वतः फोडून आणला, माती दोघांनी मिळून तुडवली. दोन खणांचं धाब्याचं घर. भिंती झाल्या, पण वर टाकायला लाकूड नव्हतं. सागाचे सर आणि कड्या म्हणजे पाचशे रुपये. कारभारी भगवंतरावांकडं गेला.

भगवंतरावांचं नाव असं होतं की हा माणूस व्याज खात नाही. तसं ते स्वतः सांगायचे. "व्याज घेनं मले जमत नाई बाप्पा. गरिबाचं रगत हाय ते." त्यांनी पाचशे मोजून दिले. घर गहाण लिहून घेतलं. आणि जाता जाता म्हणाले, "व्याज नको. तुह्यी बायको सकाळचं शेणपानी करत जाईन आमच्या इथं, तेवढं पुरे."

कारभारी घरी आला तो हसतच. सकाळचं दोन-चार घटकांचं काम, त्यात व्याज फिटतं. मनकर्णाबाईलाही ते स्वस्तच वाटलं होतं. शेण तर ती स्वतःच्या म्हशीचंही काढायची. तेव्हा म्हैस होती.

धाबं घालून झालं. वर पांढऱ्या मातीचा थर बसला. पहिल्या पावसात ती मुद्दाम घरात सगळीकडं हात फिरवून बघत होती, कुठं ओल येते का. आली नाही.

मुद्दलाचं मात्र कधी जमलं नाही. एका वर्षी दीडशेपर्यंत साठले होते, तेव्हा कारभारी बांधकामाच्या परांचीवरून पडला आणि घोट्याचं हाड सरकलं. म्हैस त्यात गेली. पुढं चुन्यानं त्याची बोटं खाल्ली, थापी धरता येईना असे दिवस आले. ती मात्र रोज जायची. ताप असला तरी जायची. बाहेरची असली की घरात पाऊल नको, गोठ्याला मात्र चालायचं. सोपान झाला तेव्हा तेराव्या दिवशी ती गोठ्यात होती. अंगावरचं लुगडं दुधानं भिजायचं आणि सोजराबाई म्हणायची, "ते पुसून घे आधी, बादलीत पडन."

अडुसष्टच्या चैत्रात सोपान सात महिन्यांचा होता. त्याला हगवण लागली. त्या दिवशी सोजराबाईकडं पापड होते, सात-आठ बाया लाटायला बसलेल्या. गोठा उरकल्यावर मनकर्णाबाईला कणीक कुटायला बसवलं. कोकिळा दोनदा पळत आली. "माय, तो डोये फिरवून राह्यला." पहिल्यांदा सोजराबाई म्हणाली, एवढा गोळा होऊ दे. दुसऱ्यांदा म्हणाली, अर्धवट कणीक टाकून कोन उठते, चिवट होते ती. तिसऱ्यांदा कोकिळा आली ती दारातच उभी राहिली, काही बोलली नाही.

यातलं सोपानचं मनकर्णाबाईनं कारकुनाला सांगितलं नाही. लाकडाचं, पाचशेचं आणि सकाळच्या कामाचं तेवढं सांगितलं.

कारकुनाला गंमत वाटली. त्यानं हजेरीच्या पत्रकाची मागची बाजू घेतली, कानामागची पेन्सिल काढली.

"किती वर्षं झाली?"

"अकरा."

"अर्ध्या दिवसाचाच रोज धरू. पहिली पाच वर्षं आठ आण्यानं. तेव्हा बाईला तेवढंच होतं. पुढची सहा बारा आण्यानं." तो ओठ हलवत आकडे मांडत गेला. आसपासच्या बाया हातोडे थांबवून बघत होत्या. "अडीच हजार. वर पंचावन्न. बाई, पाचशेवर तुम्ही अडीच हजार व्याज दिलंत!"

"अन् पाचशे?"

"ते कुठं दिलेत? ते उभेच आहेत." तो मोठ्यानं हसला. "म्हणजे अशा पाच घरांचं लाकूड तुम्ही शेणात घातलंत."

बायाही हसल्या. जनकाबाई तर तोंडाला पदर लावून लोळायची राहिली. मनकर्णाबाईही थोडं हसली, सगळे हसतात म्हणून. मग दगड पुढ्यात घेतला. पण हातोडा दगडावर पडायचा सोडून तिच्या बोटावर पडला आणि अंगठ्याचं नख काळं झालं.

संध्याकाळी रेशनवरच्या मिलो ज्वारीची लाल भाकरी आणि मीठ-तिखट. कारभारी भिंतीला टेकून बसला होता, सरकलेला घोटा चोळत. कोकिळा चुलीपाशी. मनकर्णाबाईनं सगळं सांगितलं. तो ऐकत होता, पण तिच्याकडं बघत नव्हता.

"त्या कारकुनाले काय काम नाई?" तो म्हणाला.

"पर खरं हाय ना ते?"

"असं मोजत बसलं तर मानूस जगन का? घर हाय ना डोक्यावर?"

"मी मालकाले इचारते. अडीच हजार भरले म्हनते. त्यातून पाचशे कापून घ्या म्हनते."

कारभारीनं एकदम मान वर केली. "काही इचारू नको. गुपचूप काम कर."

"काऊन?"

"नको म्हनलं ना!"

तो उठून बाहेर गेला. ती चुलीतल्या राखेकडं बघत बसली. नवरा घाबरला आहे, एवढं तिला दिसलं. कशाला, ते कळलं नाही.

दुसऱ्या दिवशी गोठा झाल्यावर ती ओट्यासमोर उभी राहिली. भगवंतराव अडकित्त्यानं सुपारी कातरत बसले होते. सोजराबाई दाराच्या चौकटीला टेकून.

"मालक, एक इचारू का?"

"इचार ना."

"आमचे ते पाचशे… ते अजून उभेच हायेत का हो?"

भगवंतरावांनी अडकित्ता थांबवला. त्यांना खरंच नवल वाटलेलं दिसलं. "पाचशे? कोनते पाचशे? आता कोठचे राह्यले पाचशे?"

मनकर्णाबाईला वाटलं, फिटले! कोणी सांगितलं नाही, पण फिटले. मालक व्याज खात नाही म्हणतात ते उगीच नाही. तिच्या डोळ्यांत पाणी आलं आणि तिनं शेणाचे हात तसेच जोडले.

"मंग फिटले मालक?"

"फिटले कायचे? पाच वरसांची मुदत होती. कागदात लिहेल होतं, मुदतीत पैसे आले नाई तर खरेदी पक्की. सहासष्टले घर माह्या नावावर झालं. घरच माह्यं झालं तर पाचशे कोन मागन?" त्यांनी सुपारीचं खांड तोंडात टाकलं. आवाज नेहमीसारखाच मऊ होता. "मी तुमाले काढलं का? नाई काढलं. राहा म्हनलं. तू शेणपानी करत राह्यली, मी भाडं घेतलं नाई. तुह्या नवऱ्याले समदं ठाऊक हाय. त्याले बलावून कागद दाखवला मी."

"त्याले… ठाऊक हाय?"

"इचार त्याले."

सोजराबाई चौकटीपासून हलली. "कोनाचं आयकून आली व? अन् अकरा वरसं भाकऱ्या खाल्ल्या त्या? ताक नेलं ते? दर दिवाळीले माह्यं लुगडं देल्लं ते कोन मोजन? मोजाचं असन तर समदं मोज."

मनकर्णाबाईनं जोडलेले हात सोडले. ती त्या दिवशी खडीवर गेली नाही. घरी येऊन दाराशी बसली. कोकिळानं विचारलं, माय, काय झालं. भिंतीत दाराजवळ एक मोठा काळा दगड होता. तो चढवताना दोघांना दम लागला होता आणि कारभारी म्हणाला होता, हा बसला म्हणजे शंभर वर्षं बघायला नको. ती त्या दगडाला पाठ लावून दिवस मावळेपर्यंत बसून राहिली.

कारभारी आला. तिला तशी बसलेली बघून त्याला समजलं. तो अंगणातच थांबला, हातोडा हातात तसाच.

"तुमाले ठाऊक होतं," ती म्हणाली.

तो हातोड्याच्या दांड्यावरची माती नखानं खरवडू लागला.

"सहा वरसं झाली. सहा वरसं मी कोनाच्या घराचं व्याज भरत होती?"

"मनकर्णे, सांगतलं असतं तर तू कामाले गेली असती का?"

"नसती गेली."

"म्हनून नाई सांगतलं." त्यानं हातोडा खाली ठेवला. "तू गेली नसती तर त्यानं दुसऱ्या दिवशी काढलं असतं. कोठं नेलं असतं तुमाले? कुडात? मले वाटलं, जाऊ दे. जोवर ती जाते तोवर भिंत आपली हाय."

तिनं त्याच्या चुन्यानं खाल्लेल्या बोटांकडं बघितलं. मग तिनं एकच विचारलं.

"सोपान गेला तवा? तवा घर त्याचंच होतं?"

कारभारीनं तोंड फिरवलं.

"बोला ना. मी पापडाची कनीक कुटत बसली तवा, घर गहान हाय म्हनून बसली. उठली तर घर जाईन म्हनून बसली. तवा ते गेलतं का?"

"हाव," तो म्हणाला. "दोन वरसं झालती."

घरातून कोकिळाच्या हातातलं भांडं ठेवल्याचा आवाज आला. मनकर्णाबाई उठली नाही. रडलीही नाही. कारभारी तिच्याजवळ येऊन बसायला लागला तेव्हा तिनं त्याच्या अंगावर समोरची मूठभर माती फेकली. नंतर आणखी एक मूठ. तो हलला नाही. डोक्यात, मिशीत माती घेऊन बसून राहिला. शेवटी तिचे हात थकले.

दुसऱ्या दिवशी ती गोठ्यात गेली नाही. आठच्या आत खडीवर पोचली आणि पहिल्यांदा तिची पुरी हजेरी लागली. कारकून म्हणाला, "वा, आज वेळेवर!" ती हातोडा घेऊन दगडांपाशी जाऊन बसली. चार दिवस असेच गेले. चार दिवस तिला वाटत होतं, सोजराबाईचा निरोप येईल. अकरा जनावरं, अंगण, पाणी. मालकीण स्वतः काय शेण काढणार नाही. बोलावणं आलं की सांगायचं, घराचा कागद परत द्या, मग येते. रात्री पडल्या पडल्या ती हे बोलणं मनात जुळवायची. कागद नाही दिला तर पगार मागायचा. पगार नाही दिला तर निदान मुदत वाढवून मागायची. रोज मागणं थोडं खाली येत होतं.

निरोप आला नाही. पाचव्या दिवशी सकाळी ती स्वतःच त्या वाटेनं गेली, उकिरड्याच्या बाजूनं. गोठ्यात जनकाबाई शेण भरत होती. खडीवर तोंडाला पदर लावून हसलेली जनकाबाई. तिनं मनकर्णाबाईला बघितलं आणि टोपली खाली ठेवली.

"रागावू नको माय," ती म्हणाली. "दोन भाकऱ्या देते म्हने. माह्ये तिघं उपाशी हायेत. तिच्याकडं चौघी आल्त्या इचाराले, मले ठेवलं."

"दोन भाकऱ्या?"

"हाव. ताक नाई देत."

मनकर्णाबाई तशीच परत फिरली. अकरा वर्षांच्या कामाचा भाव तिनं अडीच हजार लावला होता. दुष्काळात तो दोन भाकऱ्यांवर आला होता, ताक सोडून.

त्याच दिवशी दुपारी भगवंतरावांचा गडी खडीवर आला. मालकानं घाटाखालून कडबा घेतला आहे, आठ गाड्या येतात. ठेवायला जागा पाहिजे. घर दोन दिवसांत मोकळं करा. भांडायचं काही उरलं नव्हतं. कोकिळानं भांडी पोत्यात बांधली. नाल्याच्या कडेला आणखी तीन कुटुंबं पडली होती, त्यांच्याशेजारी कारभारीनं चार बल्ल्या रोवल्या आणि पऱ्हाटी मिळाली नाही म्हणून बोरीचे काटे आणि फाटकी पोती लावली.

ती तिघं घर सोडत होती तेव्हा भगवंतराव स्वतः घर बघायला आले. आत फिरले, वरचे सर बोटानं ठोकून बघितले. म्हणाले, "लाकूड चांगलं हाय." मग दाराशी थांबून हातानं माप घेतलं. "दार बारीक पडते. गाडी मागं करून आत लावता आली पाह्यजे. कारभारी, तूच कर हे काम. दुसरा गवंडी इथं मिळन का? चार रुपये रोज देतो. खडीवर काय मिळते तुले?"

कारभारीनं मनकर्णाबाईकडं बघितलं नाही. "करतो मालक," तो म्हणाला.

"बिगारी लागन."

"मी येते," मनकर्णाबाई म्हणाली. कारभारीनं दचकून मान वळवली. "बाईचा रोज किती?"

"दोन."

"येते."

सकाळी दोघं तिथं गेली. कारभारीनं चौकट काढली आणि पहार घातली. भिंत हलेना. दगडात दगड असा गुंतवला होता की एक काढायला शेजारचे तीन खिळखिळे करावे लागत होते. पहारेच्या दर घावाला त्याच्या घोट्यात कळ जायची आणि तो दात आवळायचा. बोटांच्या भेगा उकलल्या. मनकर्णाबाई निघालेले दगड डोक्यावर घेऊन मागं टाकत होती. एकेक दगड तिला ओळखता येत होता, कोणता नाल्याच्या वरच्या अंगाचा, कोणता खालच्या. दाराजवळच्या काळ्या दगडापाशी कामाचा सबंध दीड तास गेला. शेवटी तो सुटला तो कारभारीच्या पायावरच यायचा, तिनं त्याला दंडाला धरून ओढलं. मग दोघांनी मिळून तो लोटत नेला. त्या आठ-दहा दिवसांत दोघांचे हात एका ठिकाणी लागले ते एवढेच.

एका दिवसाचं काम दोन दिवस चाललं. दुसऱ्या दिवशी दुपारी भगवंतराव आले. कडब्याच्या दोन गाड्या येऊन उभ्या होत्या, बैल माना टाकून उन्हात.

"एक भगदाड पाडाले दोन रोज लागते का बे?"

कारभारीनं कपाळाचा घाम पुसला. "पक्कं बांधेल होतं, मालक."

"हां, ते दिसते," भगवंतराव म्हणाले आणि भिंतीची जाडी बघून खूश झाले.

चुलीची जागा भरून टाकली. खिडकी दगड रचून बंद केली, पाखरं कडब्यात घरटी करतात म्हणून. संध्याकाळी मनकर्णाबाईनं तिथली माती झाडून काढली. कडब्याला ओल लागू नये म्हणून कोपरेही झाडले. नंतर दोघं भगवंतरावांसमोर उभी राहिली. त्यांनी कारभारीच्या हातावर आठ रुपये ठेवले. मग तिच्या. दोन रुपयांच्या दोन नोटा. अकरा वर्षांत त्या माणसानं तिच्या हातावर पैसा ठेवला तो हा पहिला. बोटं फाटली होती म्हणून नोटा धरताना तिला दोन्ही हात लावावे लागले.

कोकिळा सकाळपासून उपाशी होती. खडीवर शनिवारपर्यंत पगार नव्हता.

"मालक," ती म्हणाली. "उद्या काही काम हाय का? शेणपानी, काही बी."

भगवंतराव गाडीवानाला हातानं खूण करत होते. त्यांनी वळून बघितलं नाही.

"उद्या? उद्या काय काम? जनका हाय ना."

गाडीवानानं बैल मागं रेटले. चाक दारातल्या उकरलेल्या मातीत रुतलं, त्यानं शिवी दिली. मनकर्णाबाईनं नोटा पदराच्या गाठीत बांधल्या, वाकून चाकाखालचा दगड काढला आणि गाडी आत जायला बाजूला सरली.